कृत्रिम पाय : वाटपापासून वापरापर्यंत

हिंगोली जिल्ह्यातील सेनगाव तालुक्यात आश्विन महिना हा सोयाबीनच्या मळणीचा महिना होय. पीक कापून गंजी लागलेली असते, परतीच्या पावसाची धास्ती असते, आणि ट्रॅक्टरला जोडलेले भाड्याचे मळणी यंत्र एका शेतातून दुसऱ्या शेतात रात्री उशिरापर्यंत फिरत असते. यंत्राच्या तोंडाशी उभा असलेला मजूर दिवसभराचा थकलेला असतो. पेंढी आत सारताना बाही, उपरण्याचे टोक किंवा लुगड्याचा पदर ओढला जातो आणि क्षणार्धात हात जातो. पाय जाण्याची कारणे निराळी आहेत. दुचाकी आणि मालमोटारींचे अपघात हे पहिले. वेळेवर न ओळखलेला मधुमेह आणि त्यातून पायाला होणारे न भरणारे व्रण हे दुसरे. हे दुसरे कारण पूर्वी शहरांचे समजले जाई. ते आता खेड्यांचेही झाले आहे.

अशा व्यक्तीला कृत्रिम अवयव मिळवून देणे हे शासनाच्या आणि अनेक सेवाभावी संस्थांच्या कार्यक्रमांचे एक ठरलेले अंग आहे. शिबिरे होतात, मापे घेतली जातात, अवयवांचे वाटप होते आणि वाटपाची संख्या अहवालात नोंदविली जाते. मात्र दिलेल्या पायांपैकी किती पाय सहा महिन्यांनंतरही वापरात आहेत आणि किती पाय घरातील खुंटीला टांगलेले आहेत, ही संख्या त्या अहवालात क्वचितच आढळते. कृत्रिम अवयव ही एकदा देऊन मोकळे होण्याची वस्तू नव्हे. चष्म्याचा नंबर जसा बदलतो तसे त्याचे माप बदलते, आणि शेतीच्या अवजारासारखी त्याची देखभालही करावी लागते. या कामातील बराच मोठा वाटा गावातच उचलता येण्याजोगा आहे. म्हणूनच शिक्षक, ग्रामपंचायतीचे सदस्य आणि तालुका पातळीवरील अधिकारी यांना या विषयाची माहिती असणे आवश्यक ठरते.

२०११ च्या जनगणनेनुसार महाराष्ट्रात २९ लाखांहून अधिक दिव्यांग व्यक्ती होत्या. त्यांतील साडेपाच लाखांच्या आसपास व्यक्तींची नोंद हालचालीच्या अपंगत्वाखाली झाली. पोलिओने लुळा पडलेला पाय, अर्धांगवायू आणि यंत्रात तुटलेला हात या साऱ्यांसाठी जनगणनेत हा एकच रकाना होता. अवयव गमावलेल्यांची निराळी मोजदाद झालेली नाही. गावपातळीवर मात्र अशी यादी करण्यास एक दिवसही लागत नाही, कारण गावात अशी माणसे कोण आहेत हे सर्वांनाच ठाऊक असते.

युद्धातून आलेली विद्या

ऋग्वेदात युद्धात पाय गमावलेल्या विश्पलेला अश्विनीकुमारांनी लोखंडी पाय बसवून दिल्याचा उल्लेख आहे. कल्पना इतकी जुनी असली, तरी या विद्येची खरी वाढ आधुनिक युद्धांनी केली, आणि महाराष्ट्रातही ती युद्धाच्याच वाटेने आली. दुसरे महायुद्ध चालू असताना, १९४४ साली, पुण्यात वानवडी येथे सैन्यासाठी कृत्रिम अवयव केंद्र स्थापन झाले. रणांगणावर हातपाय गमावलेल्या जवानांना येथे अवयव बसवून चालण्याचे शिक्षण दिले जाते. पुढे नागरिकांनाही या सेवेचा लाभ मिळू लागला. १९७१ च्या युद्धात पाय गमावलेले इयान कार्डोझो यांनी पुण्याच्या याच केंद्रातून कृत्रिम पाय घेतला. त्या पायावर ते सैन्यात परतले, त्यांनी प्रथम पायदळाच्या पलटणीचे व नंतर ब्रिगेडचे नेतृत्व केले, आणि निवृत्तीनंतर भारतीय पुनर्वसन परिषदेचे अध्यक्षपदही भूषविले. एका पायाचा अधिकारी डोंगरदऱ्यांत पलटण चालवू शकतो, ही गोष्ट ‘आता याच्याने काय होणार’ असे म्हणणाऱ्या प्रत्येक नातलगाने ऐकण्यासारखी आहे.

नागरी क्षेत्रातील महत्त्वाची संस्था मुंबईत हाजी अली येथे आहे. १९५५ साली संयुक्त राष्ट्रांच्या साहाय्याने सुरू झालेली ही अखिल भारतीय भौतिक चिकित्सा व पुनर्वसन संस्था होय. शस्त्रक्रिया, व्यायामोपचार, अवयव तयार करणारी कार्यशाळा आणि तंत्रज्ञांचे शिक्षण हे सारे येथे एका छताखाली आहे. अवयव बसविणारा तंत्रज्ञ हा केवळ कारागीर नसतो. शरीररचना, यंत्रशास्त्र आणि पदार्थविज्ञान या तिन्ही विषयांचे त्याला शिक्षण घ्यावे लागते आणि १९९२ च्या कायद्यान्वये भारतीय पुनर्वसन परिषदेकडे त्याची नोंदणी आवश्यक असते. असे तंत्रज्ञ बहुतांशी मोठ्या शहरांत आहेत. सेनगावहून पुणे चारशे किलोमीटरहून दूर आणि मुंबई त्याहूनही पुढे. तालुक्यात रेल्वे नाही, गाडी धरावयाची तर हिंगोली गाठावे लागते. कुबड्यांवर चालणाऱ्या मजुराने आपल्यासोबत एका माणसाची मजुरी बुडवून हा प्रवास वर्षातून दोनदा करावा, ही अपेक्षा कागदावरच शोभणारी आहे.

जयपूरचा पाय, कानपूरचा कारखाना

पाश्चात्त्य पद्धतीचा कृत्रिम पाय बुटासाठी घडविलेला होता. त्याचा घोटा ताठ असे, टाच तेवढी मऊ असे. खुर्चीवर बसणाऱ्या आणि सपाट रस्त्यावरून चालणाऱ्या माणसाला तो पुरेसा होता. ज्याला मांडी घालून जेवावयाचे आहे, उकिडवे बसून खुरपावयाचे आहे, चिखलातून अनवाणी जावयाचे आहे, त्याला तो निरुपयोगी होता. जयपूरच्या सवाई मानसिंग रुग्णालयात डॉ. प्रमोद करण सेठी आणि कारागीर रामचंद्र शर्मा यांनी १९६० च्या दशकाच्या अखेरीस यावर उपाय शोधला. स्पंजासारखे रबर आणि लाकूड यांचे गाभे एकत्र बांधून, वरून रबराचे कवच चढवून, साच्यात भाजून तयार केलेले हे पाऊल सर्व दिशांना थोडे थोडे वळते, पाण्याने बिघडत नाही आणि दिसावयासही खऱ्या पावलासारखे दिसते. डॉ. सेठी यांना १९८१ साली मॅगसेसे पुरस्कार मिळाला. १९७५ साली स्थापन झालेल्या जयपूरच्या भगवान महावीर विकलांग सहायता समितीने हा पाय विनामूल्य देण्याची प्रथा पाडली. मुंबईच्या नृत्यांगना सुधा चंद्रन १९८१ च्या अपघातात पाय गमावल्यानंतर याच पायाच्या आधारे पुन्हा रंगमंचावर उभ्या राहिल्या आणि ‘जयपूर फूट’ हे नाव घरोघर पोहोचले.

या पायाची नळी ज्या प्लॅस्टिकची करतात ते उच्च घनतेचे पॉलिथिलीन शेतकऱ्याच्या चांगल्या परिचयाचे आहे. तुषार सिंचनाचे पाइप त्याच जातीचे असतात. असा पाइप तापवून पायाच्या साच्यावर ओढला की नळी तयार होते. महागडे यंत्र लागत नाही, आणि शिबिराच्या मांडवातही काही तासांत पाय उभा राहतो तो यामुळेच.

उद्योगाची दुसरी बाजू कानपूरला आहे. भारतीय कृत्रिम अंग निर्माण निगम, म्हणजे ‘ॲलिम्को’, हा केंद्र शासनाचा उपक्रम १९७२ साली नोंदविला गेला आणि १९७६ पासून तेथे उत्पादन सुरू झाले. तयार सुटे भाग, कुबड्या, कॅलिपर आणि तीनचाकी सायकली यांचा देशभर पुरवठा येथूनच होतो. तिसरी बाजू खाजगी बाजारपेठेची. जर्मनीतील ऑटोबॉक, आइसलंडमधील ओसुर यांसारख्या कंपन्यांचे हलके कार्बन-तंतूंचे पाय आणि संगणक-नियंत्रित गुडघे भारतातील शहरांत मिळतात. अशा एका गुडघ्याची किंमत काही लाखांच्या घरात जाते. म्हणजे देशात आज एकीकडे विनामूल्य रबरी पाऊल आहे आणि दुसरीकडे मोटारीच्या किमतीचा गुडघा आहे. मधल्या मापाचा, थोडे पैसे देऊन घेता येईल असा, टिकाऊ आणि तालुक्यापासून हाकेच्या अंतरावर दुरुस्त होणारा अवयव मात्र दुर्मीळ आहे.

पाय तयार कसा होतो

पाय कापल्यानंतर जो भाग उरतो त्यास दवाखान्यात स्टंप म्हणतात; येथे त्याला खुंट म्हणू. कृत्रिम पायाचा सर्वांत महत्त्वाचा भाग पाऊल नव्हे, तर हा खुंट ज्यात बसतो ती खोळ म्हणजे सॉकेट होय. पाऊल आणि नळी कारखान्यात तयार मिळू शकतात. सॉकेट मात्र त्या एकाच माणसासाठी, त्याच्याच मापाचे करावे लागते.

शरीराचा भार खुंटाच्या टोकावर पडतो असा सर्वसामान्य समज आहे. तसे झाले तर चार पावलांतच कातडी फाटेल. गुडघ्याखालील पायात हा भार मुख्यतः गुडघ्याच्या वाटीखालील जाड स्नायुबंधावर घेतला जातो. ही पद्धत १९५० च्या दशकाच्या अखेरीस अमेरिकेत विकसित झाली आणि पुढे जगभर रूढ झाली. तंत्रज्ञ खुंटावर प्लॅस्टरची पट्टी गुंडाळून साचा काढतो, त्यात प्लॅस्टर ओतून खुंटाची प्रतिकृती करतो आणि मग कानशीने ती घासतो. जेथे भार घ्यावयाचा तेथे तो प्रतिकृतीवरील प्लॅस्टर कमी करतो. जेथे हाड कातडीलगत आहे तेथे भर घालतो. त्यामुळे त्या जागी सॉकेटमध्ये मोकळी जागा राहते. दोन-तीन मिलिमीटरांच्या या घडणीवर पुढील तीन वर्षांचे चालणे अवलंबून असते. त्यानंतर पाऊल किती बाहेर वळावे, नळी किती कलावी हे त्या व्यक्तीला चालवून पाहून ठरवितात.

गुडघा शाबूत आहे की नाही, यावर पुढील आयुष्य फार मोठ्या प्रमाणात ठरते. गुडघ्याखाली पाय गेलेल्या व्यक्तीस चालताना सुमारे पाव पट अधिक शक्ती खर्चावी लागते. गुडघ्यावर पाय गेल्यास हा जादा खर्च निम्म्याहून अधिक होतो. पहिला माणूस शेतात काम करू शकतो, सायकल चालवू शकतो. दुसऱ्यास बांध ओलांडणेही कष्टाचे असते. मधुमेहाच्या रोग्याने पायाच्या जखमेसाठी दवाखान्यात एक महिना आधी जाणे किंवा न जाणे, यात पुष्कळदा गुडघ्याचाच प्रश्न असतो. भोवरी ब्लेडने घरीच कापणे, बधिर पायाने अनवाणी फिरणे, जखमेवर चुना वा हळद लिंपून वाट पाहणे या सवयी आशा कार्यकर्तीने आणि शिक्षकाने पुन्हा पुन्हा बोलून मोडावयास हव्यात.

मधले महिने

शस्त्रक्रियेच्या दिवसापासून कृत्रिम पाय मिळेपर्यंतचे महिने सर्वांत दुर्लक्षित आहेत. रुग्णालयाने टाके काढून घरी पाठविलेले असते, शिबिराची तारीख ठरलेली नसते, आणि घरातील माणसे आपापल्या परीने सेवा करीत असतात. पुष्कळदा पाय न बसण्याचे कारण याच महिन्यांत, आणि मायेपोटी, तयार होते. दुखऱ्या पायाला आराम मिळावा म्हणून आई किंवा पत्नी गुडघ्याखाली उशी ठेवते. उशीवर महिना-दोन महिने वाकलेला राहिलेला गुडघा आखडतो आणि पुढे सरळ होत नाही. वाकलेल्या गुडघ्यावर पाय बसविता येत नाही. बसविला तरी चालता येत नाही. म्हणून उशी नको, पाय सरळ हवा. मांडीतून पाय गेलेल्याने दिवसातून तीन-चार वेळा पंधरा-वीस मिनिटे पालथे झोपावे, म्हणजे खुब्याचा सांधा आखडत नाही. दिवसभर खाटेच्या कडेला पाय लोंबकळत ठेवून बसणेही वाईट, कारण त्याने सूज वाढते.

दुसरी गोष्ट पट्टी बांधण्याची. जखम भरल्यावर क्रेप बँडेज इंग्रजी आठच्या आकड्याप्रमाणे तिरपे वेढे देत, टोकाशी घट्ट आणि वर जाताना सैल असे बांधावे लागते. दिवसातून तीन-चार वेळा ते सोडून पुन्हा बांधावयाचे. आडवे, गोल वेढे देऊन वरच्या बाजूस आवळले तर खुंट टोकाशी फुगतो. नीट बांधलेल्या खुंटाला निमुळता आकार येतो आणि तो सॉकेटमध्ये चांगला बसतो. हे काम शिकण्यास अर्धा तास पुरतो. गावातील आशा कार्यकर्ती किंवा आरोग्य उपकेंद्रातील सेविका हे एकदा शिकली, तर सेनगाव तालुक्यातील गोरेगाव, आजेगाव किंवा साखरा येथल्या रोग्याला केवळ पट्टीसाठी हिंगोलीस जावे लागणार नाही.

नसलेला पाय दुखतो, नसलेल्या बोटांना खाज सुटते, ही तक्रारही याच काळातली. घरच्यांना ती भ्रम वाटते. काही ठिकाणी बाहेरची बाधा समजून अंगारे-धुपारेही होतात. मेंदूत पायाचे स्थान कायम असते आणि तुटलेल्या मज्जातंतूंकडून त्याला संदेश येत राहतात, एवढेच त्यामागे असते. ही वेदना खरी असते, तिच्यावर औषधे आहेत, आणि खुंट चोळणे, पट्टी बांधणे, पुढे कृत्रिम पाय वापरणे यांनी ती बहुधा कमी होते.

शिबिराचे श्रेय आणि मर्यादा

शिबिरे झाली नसती तर ग्रामीण महाराष्ट्रातील असंख्य माणसे आयुष्यभर कुबड्यांवरच राहिली असती, हे प्रथम मान्य केले पाहिजे. प्रवासखर्च नाही, शुल्क नाही, आणि पाय त्याच दिवशी किंवा थोड्याच दिवसांत हाती. मात्र शिबिराचा स्वभावच असा की, मांडव उठला की तंत्रज्ञही उठतो. खुंटाचा आकार पहिले सहा ते बारा महिने बदलत राहतो. सूज उतरते, स्नायू रोडावतात आणि घट्ट बसलेले सॉकेट सैल होते. सैल सॉकेटमध्ये खुंट वरखाली घासतो, फोड येतो, फोडाची जखम होते. त्या जखमेचा अनुभव घेतलेला माणूस पाय काढून ठेवतो तो कायमचा. वास्तविक एकावर एक दोन मोजे चढवून ही सैलाई पुष्कळ दिवस भरून काढता येते. पण हे त्याला कोणी सांगितलेले नसते.

चालण्याच्या शिक्षणाचेही तसेच. रुग्णालयात समांतर दांड्यांच्या आधाराने एक ते तीन आठवडे सराव करवून घेतात. शिबिरात तो तासाभरात आटोपतो. गावी गेल्यावर काळ्या रानातील ढेकळे, बांध आणि एस. टी. ची उंच पायरी यांच्याशी गाठ असते. चढताना धडधाकट पाय आधी टाकावा, उतरताना कृत्रिम पाय आधी टाकावा, हा साधा नियम ठाऊक नसल्याने पडलेला माणूस पुन्हा धीर करीत नाही. काळ्या जमिनीचा पावसाळ्यातील चिखल तर सर्वांचीच परीक्षा पाहतो. पाऊल रुतले की ओढ सॉकेटवर येते. अशा दिवसांत काठी घेण्यात कमीपणा मानू नये.

शिबिर भरविणाऱ्या संस्थांना आणि त्यांना आमंत्रण देणाऱ्या लोकप्रतिनिधींना एक गोष्ट सहज करता येण्याजोगी आहे. वाटपाची तारीख जाहीर करतानाच सहा महिन्यांनंतरच्या तपासणीची तारीखही जाहीर करावी आणि त्याच यादीतील माणसांना त्याच मांडवात पुन्हा बोलवावे. दुसऱ्या मांडवाला हारतुरे नसतील. काम मात्र तेथे अधिक होईल.

हाताचा प्रश्न

मळणी यंत्र आणि कडबा कापण्याचे यंत्र ही दोन्ही हात नेतात, आणि वाटपाचा जोर मात्र पायांवर असतो. यात कोणाचा दोष नाही. पायाचे काम एकच, भार घेऊन पुढे जाणे. हाताची कामे शंभर, आणि प्रत्येक निराळे. स्वस्तात मिळणारा कृत्रिम हात पुष्कळदा केवळ दिसण्यापुरता असतो. लग्नकार्यात तो घालतात, एरवी पेटीत ठेवतात. खांद्याच्या हालचालीने दोरी ओढून उघडणारा दुभंगी आकडा कामाला अधिक उपयोगी असतो, पण तो हातासारखा दिसत नाही म्हणून नाकारला जातो. कोपराखाली पुरेशी लांबी शिल्लक असलेल्यांसाठी ‘एलएन-४’ हा हलका प्लॅस्टिकचा हात रोटरी क्लबांच्या माध्यमातून विनामूल्य बसविला जातो. त्याने खुरपे, पेन, सायकलची मूठ धरता येते. विजेवर चालणारे हात फारच महाग आहेत आणि धूळ-पाण्यात टिकतीलच असे नाही. एकच हात गेलेला माणूस बहुतेक कामे उरलेल्या हाताने शिकून घेतो, हेही खरे. उजवा गेलेल्याला डाव्या हाताने लिहावयास शिकविणे हे शिक्षकाच्या आवाक्यातले काम आहे.

म्हणूनच हाताच्या बाबतीत प्रतिबंध अधिक मोलाचा. संसदेने १९८३ साली धोकादायक यंत्रांच्या नियमनाचा कायदा केला, त्यामागे शक्तिचलित मळणी यंत्रावरील अपघात हेच प्रमुख कारण होते. यंत्र सुरक्षित बनविणे, सोबत माहितीपुस्तिका देणे आणि कामावर इजा झाल्यास भरपाई देणे या जबाबदाऱ्या त्यात घालून दिल्या गेल्या. यंत्रात पीक सोडण्याचे तोंड किमान ९० सेंटिमीटर लांब आणि त्यातील निदान ४५ सेंटिमीटर वरून झाकलेले असावे, असे भारतीय मानक सांगते. तेवढे अंतर असल्यास मजुराचा हात आतील दातऱ्यांपर्यंत पोहोचतच नाही. भाड्याने आलेल्या यंत्राचे तोंड टेपने मोजण्यास दोन मिनिटे लागतात. ग्रामपंचायतीने हंगामापूर्वी यंत्रमालकांना बोलावून एवढे करून घेतले, रात्रीच्या मळणीला पुरेसा उजेड आणि बदली मजूर असावा असा आग्रह धरला, तर एखादा हात निश्चित वाचेल.

दाखला, अनुदान आणि ग्रामपंचायत

दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, २०१६ नुसार बहुतेक सवलतींसाठी किमान ४० टक्के अपंगत्वाचे प्रमाणपत्र लागते. जिल्हा रुग्णालयाकडून ते मिळते आणि त्यासोबत वैश्विक ओळखपत्रासाठी नोंदणी होते. कापला गेलेला अवयव पुन्हा उगवत नाही, तेव्हा या दाखल्यासाठी शिबिराची वाट पाहत बसण्याचे कारण नाही. टाके निघताच अर्ज करावा. साहाय्यक साधनांसाठी केंद्राची ‘एडिप’ योजना १९८१ पासून चालू आहे. ठरावीक उत्पन्नमर्यादेपर्यंत साधन विनामूल्य मिळते. त्याच कारणासाठी पुन्हा साधन मिळण्यास साधारणतः तीन वर्षे थांबावे लागते, मात्र बारा वर्षांखालील मुलांसाठी ही मुदत एकच वर्ष आहे. ही दुसरी तरतूद पालकांना ठाऊक नसते.

शेतकरी खातेदार किंवा त्याच्या कुटुंबातील एका सदस्याला अपघातात अपंगत्व आल्यास गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात सुरक्षा सानुग्रह अनुदान योजनेतून साहाय्य मिळते. एक हात किंवा एक पाय गेल्यास एक लाख रुपये, दोन अवयव गेल्यास दोन लाख. अर्ज तालुका कृषी अधिकाऱ्याकडे, आणि तोही लवकर, करावयाचा असतो. यंत्रावरचा भूमिहीन मजूर मात्र सातबारावर नाव नसल्याने या योजनेबाहेर राहतो, आणि यंत्राच्या तोंडाशी बहुधा तोच उभा असतो. त्याच्यासाठी मालकाकडून मिळावयाची भरपाई हाच आधार असल्याने अपघाताची पोलिसांत व रुग्णालयात त्याच दिवशी नोंद होणे अत्यावश्यक आहे. आपसांत मिटविलेल्या प्रकरणात दाखलाही नसतो आणि पैसाही नसतो.

ग्रामपंचायतीने आपल्या स्वउत्पन्नातील पाच टक्के रक्कम दिव्यांगांच्या कल्याणासाठी खर्च करावयाची आहे. लहान गावात ही रक्कम थोडी असते आणि ती सर्वांना सारखी वाटून टाकण्याकडे कल असतो. वाटणीतून प्रत्येकाच्या हाती पडते ती किरकोळ रक्कम. त्याऐवजी एका वर्षी दोघांचा कार्यशाळेपर्यंतचा प्रवास, सोबत्याची मजुरी आणि सॉकेट बदलण्याचा खर्च उचलला, तर दोन माणसे चालती होतात. हिंगोली येथे २०२४ साली शासकीय वैद्यकीय महाविद्यालय सुरू झाले आहे. त्याच्याशी जोडलेल्या रुग्णालयात व्यायामोपचाराबरोबर कृत्रिम अवयवांची कायम कार्यशाळा उभी राहिली, तर सेनगाव, कळमनुरी, औंढा, वसमत या साऱ्याच तालुक्यांचा मुंबई-पुण्याचा फेरा वाचेल.

शाळेत आणि घरी

पाय गमावलेले मूल वर्षभरात वाढते, त्याचा चांगला पाय लांबतो आणि कृत्रिम पाय आखूड पडतो. मूल लंगडू लागले, कंबर एका बाजूस झुकली, खेळाच्या तासाला बसून राहू लागले की माप बदलले असे समजावे. हे पालकांच्या आधी शिक्षकाच्या लक्षात येते. मुलांच्या खुंटातील हाड कधीकधी कातडीपेक्षा लवकर वाढून टोकाशी बोचू लागते. तेथे लाली किंवा टोक दिसल्यास मुलाला शस्त्रक्रिया तज्ज्ञाकडे पाठवावे.

रोजची निगा साधी आहे. खुंट साबणाने धुवावा, पण सकाळी नव्हे, रात्री. ओलसर कातडी फुगते आणि सकाळी पाय बसत नाही. मोजा रोज धुतलेला असावा. पाय काढल्यावर आरसा धरून खालची बाजू पाहावी. लाली दहा मिनिटांत गेली तर चिंता नाही. राहिली तर त्या दिवशी पाय घालू नये. चिखलातून आल्यावर रबरी पाऊल स्वच्छ पाण्याने धुवून, पुसून सावलीत ठेवावे, चुलीजवळ किंवा उन्हात नव्हे.

पट्टा तुटला, बक्कल निघाले, शिवण उसवली, तर आठवडी बाजारातील जोडे शिवणारा कारागीर ते काम उत्तम करतो. त्यासाठी शहर गाठण्याची गरज नाही. पावलाचा बोल्ट सैल झाला तर सायकल दुरुस्तीच्या दुकानात आवळून मिळतो. सॉकेट मात्र कोणाही स्थानिक कारागिराला तापवू किंवा घासू देऊ नये, आणि त्याला तडा गेल्यास चिकटवून वापरू नये. तो नवाच करावा लागतो. नवा पाय घेण्यास जाताना जुना पाय सोबत न्यावा. त्याचा तळवा कोणत्या बाजूने झिजला आहे हे पाहून तंत्रज्ञाला नव्या पायाचा कल ठरविता येतो.